साखळीतली माझी कडी

जव्हारच्या एस.टी. स्टँडजवळच्या चहाच्या टपरीवर बसलं, की एक गोष्ट लक्षात येते. तालुक्यात कुठे खून झाला, तर पोलिसांचा पंचनामा पुरा व्हायच्या आत टपरीवरचा निकाल लागलेला असतो. 'त्या दोघांनीच केलंय. परवा बाजारात बाजूला उभं राहून कुजबुजत होते.' 'जमिनीचा वाद होताच.' 'आणि त्या रात्रीपासून तो दुसरा पाड्यावर दिसला नाही.' एवढी तीन वाक्यं झाली, की कट सिद्ध! चहा संपेपर्यंत शिक्षाही सुनावून होते.

मीही त्या टपरीवर बसणाऱ्यांतलाच एक. कायद्याचं शिक्षण माझ्याकडे नाही. मराठी घेऊन बी.ए. झालो, कविता लिहितो. तरीही आज खुनाचा कट न्यायालयात कसा सिद्ध होतो, या विषयावर तुमच्याशी बोलायचं धाडस करतो आहे. त्याचं कारण एक सही आहे. ती मी तीस वर्षांपूर्वी केली आणि अजून ती माझ्या मागे आहे.

१९९५ चा पावसाळा. मी पंचविशीत होतो. अब्बांचं शिवणकामाचं दुकान होतं, तिथे काजं-बटणं करत बसायचो आणि बिलाच्या मागच्या कोऱ्या बाजूला कविता लिहायचो. एक दिवस हवालदार आले. 'भाई, चला जरा. पंच म्हणून दोन सह्या करायच्या आहेत. तुम्ही शिकलेले, तुमच्या सहीला किंमत आहे.' जीपमध्ये बसलो. मोखाड्याच्या वाटेवर एका पाड्याजवळ जीप थांबली. एका म्हाताऱ्याचा खून झाला होता. त्याचा पुतण्या आणि पुतण्याचा एक सोबती, दोघांना पकडलं होतं. त्यातला एकजण म्हणत होता, की कोयता ओढ्याकाठी लपवलाय, दाखवतो.

पाऊस असा होता, की समोरचं झाड दिसत नव्हतं. ओढा खाली उतारावर. पोलीस आरोपीला घेऊन उतरले. मी आणि दुसरा पंच जीपमध्येच राहिलो. 'कशाला भिजताय, वर आणतोच आहोत,' असं कुणीतरी म्हणालं, आणि मला ते पटलं. अर्ध्या तासानं कोयता वर आला. पंचनामा लिहिला गेला. त्यात लिहिलं होतं, की आरोपीनं आम्हा पंचांसमक्ष अमुक झुडपाखालून कोयता काढून दिला. मी वाचलं. मी शिकलेला होतो, त्यामुळे मला वाचता येत होतं. आणि मी सही केली.

घरी येऊन अब्बांना सांगितलं. त्यांनी मशीन थांबवलं आणि एवढंच म्हणाले, 'टाका न घालता गाठ मारून आलास.'

आता या सहीला एवढं महत्त्व का, हे समजायला थोडा कायदा समजून घ्यावा लागेल.

कट म्हणजे काय? दोन किंवा अधिक माणसांनी गुन्हा करायचं ठरवणं. फौजदारी कटाची स्वतंत्र व्याख्या भारतीय दंड संहितेत १९१३ साली आली. कलम १२० (अ) म्हणजे व्याख्या आणि १२० (ब) म्हणजे शिक्षा. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली आणि या दोन्ही गोष्टी तिच्या कलम ६१ मध्ये गेल्या. आकडे बदलले, गाभा तोच राहिला. संगनमत हाच गुन्हा. खुनाच्या कटात ज्यानं सुरी हातात धरली नाही, जो त्या रात्री शंभर मैलांवर झोपला होता, तोही मारणाऱ्याइतकाच दोषी ठरू शकतो.

पण अडचण इथेच आहे. खून डोळ्यांना दिसतो. ठरवणं कुणाला दिसत नाही. कट करणारे कागदावर करार करत नाहीत, साक्षीदार बोलावत नाहीत. म्हणून कायदा म्हणतो, की थेट पुरावा नसला तरी चालेल, परिस्थितीवरून कट सिद्ध करता येईल. कोण कुणाला कधी भेटलं, कुणी काय विकत घेतलं, कोण कुठे गेलं, नंतर कसं वागलं, यांची कडीला कडी जोडून साखळी करायची. परिस्थितिजन्य पुरावा म्हणतात तो हाच. कटातलाच एखादा माणूस माफीचा साक्षीदार झाला, तर आतली गोष्टही कळते. पण जो स्वतः गुन्ह्यात होता आणि आता स्वतःची मान सोडवून घेतो आहे, त्याच्या शब्दाला दुसऱ्या स्वतंत्र पुराव्याचा टेकू लागतो.

याचं सगळ्यांना ठाऊक असलेलं उदाहरण म्हणजे महात्मा गांधींच्या खुनाचा खटला. ३० जानेवारी १९४८ ला दिल्लीच्या बिर्ला भवनात प्रार्थनेला जमलेल्या लोकांसमोर गोळ्या झाडल्या गेल्या. मारणारा जागीच पकडला गेला. त्या खुनाला साक्षीदारांची वाण नव्हती. कटाला मात्र बाहेरचा साक्षीदार कुठून मिळणार? लाल किल्ल्यात विशेष न्यायाधीश आत्माचरण यांच्यासमोर आठ आरोपींचा खटला चालला. सरकार पक्षानं १४९ साक्षीदार तपासले. ते काय सांगायला आले होते, हे वाचलं की थक्क व्हायला होतं. सगळ्या साध्या, रोजच्या गोष्टी.

नथुराम गोडसेनं १३ आणि १४ जानेवारीला आपल्या विम्याच्या दोन पॉलिसींवर वारस म्हणून आपटे आणि गोपाळ गोडसे यांच्या पत्नींची नावं लावली. गोपाळ गोडसे खडकीच्या लष्करी भांडारात नोकरीला होता. त्यानं त्याच आठवड्यात रजा मागितली. १७ तारखेला नथुराम आणि आपटे मुंबईहून विमानानं दिल्लीला गेले, तिकिटावर खोटी नावं. दिल्लीत मरीना हॉटेलात उतरले, तिथेही खोटी नावं. २० जानेवारीला बिर्ला भवनात मदनलाल पाहवानं स्फोट घडवला आणि तो पकडला गेला. बाकीचे पळाले. हॉटेलात धुवायला दिलेले कपडे मागे राहिले. त्या कपड्यांवर परटाची खूण होती, 'एन.व्ही.जी.'.

बघा, विम्याला वारस लावणं हा गुन्हा नाही. रजा मागणं गुन्हा नाही. कपडे धुवायला देणं तर नाहीच. पण विमा कंपनीचा माणूस, हॉटेलातला माणूस, विमानाच्या तिकिटांची नोंद सांगणारा माणूस, अशा एकेकानं येऊन आपल्यापुरतं जेवढं ठाऊक तेवढंच सांगितलं. आणि त्या लहान लहान गोष्टी माफीचा साक्षीदार झालेल्या पुण्याच्या दिगंबर बडगेच्या कहाणीला ठिकठिकाणी जाऊन मिळाल्या. जिथे मिळाल्या, तिथे त्याचं म्हणणं मानलं गेलं. बडगेनं विनायक दामोदर सावरकर यांच्याविरुद्धही साक्ष दिली होती. तिला स्वतंत्र पुष्टी मिळाली नाही, म्हणून न्यायालयानं त्यांना निर्दोष सोडलं. १० फेब्रुवारी १९४९ ला निकाल लागला. नथुराम गोडसे आणि नारायण आपटे यांना फाशी, पाचजणांना जन्मठेप. पुढे पूर्व पंजाब उच्च न्यायालयानं त्या पाचांतल्या दोघांना, ग्वाल्हेरचे डॉ. परचुरे आणि बडगेचा नोकर शंकर किस्तय्या यांना, मुक्त केलं.

देश पेटलेला होता, लोकांचा क्षोभ केवढा असेल याची कल्पना करा. तरीही न्यायालयानं आठही माणसांना एका दोरीत बांधलं नाही. प्रत्येकापुरती साखळी वेगळी तपासली.

आता मी माझ्या धंद्याबद्दल एक कबुली देतो. कवीचं काम काय? दोन लांबच्या गोष्टी जोडणं. कुठे तरी दिवा विझला आणि कुठे तरी कुणी गेलं, की आम्ही लगेच त्यांचं नातं लावतो. जोडलं जाताना जो आनंद होतो, तीच कविता. हाच आनंद न्यायाच्या कामात घातक आहे, हे फार पूर्वी ओळखलं गेलं आहे. १८३८ साली इंग्लंडमधल्या एका खटल्यात न्यायाधीश ऑल्डरसन यांनी ज्युरीला सावध केलं होतं, की माणसाच्या मनाला घटना एकमेकींत बसवायला आवडतं, बसत नसतील तर ते थोडं ओढून-ताणूनही बसवतं, आणि जो जितका हुशार तो तितका जास्त फसतो. १९५२ साली आपल्या सर्वोच्च न्यायालयानं ही सावधगिरी पुन्हा सांगितली. तो खटला हनुमंत गोविंद नरगुंदकर यांचा. ते तेव्हाच्या मध्य प्रदेशात अबकारी खात्याचे आयुक्त होते, आणि त्या राज्याची राजधानी तेव्हा नागपूर होती. प्रकरण दारूभट्टीच्या ठेक्याचं आणि बनावट कागदपत्राचं, खुनाचं नव्हतं. पण परिस्थितिजन्य पुराव्याचा विषय निघाला, की वकील आजही आधी नरगुंदकरांचं नाव घेतात.

दुसरं नाव पुण्याच्या सारडा खटल्याचं. जून १९८२ मध्ये पुण्यात एका नवविवाहितेचा विषानं मृत्यू झाला. लग्नाला चारच महिने झाले होते. विष पोटॅशियम सायनाइड. नवरा आणि आणखी दोघे, अशा तिघांवर खटला झाला, कटाचा आरोपही होता. तिनं बहिणीला आणि मैत्रिणीला लिहिलेली पत्रं न्यायालयात आली. सत्र न्यायालयानं नवऱ्याला फाशी दिली, उच्च न्यायालयानं ती कायम केली. १९८४ च्या जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयानं मात्र त्याला सोडलं. तिनं स्वतःच विष घेतलं असण्याची शक्यता सरकार पक्षाला खोडून काढता आली नव्हती, आणि ते विष आरोपीकडे होतं हेही दाखवता आलं नव्हतं.

त्या निकालात न्यायमूर्ती मुर्तझा फझल अली यांनी पाच कसोट्या मांडल्या. वकिलांच्या जगात त्यांना 'पंचशील' म्हणतात. माझ्या भाषेत सांगतो. पहिली, प्रत्येक घटना आधी स्वतःच्या पायावर उभी राहिली पाहिजे. 'असेल बहुधा' चालणार नाही. दुसरी, सिद्ध झालेल्या घटना आरोपीच्या दोषाशीच जुळल्या पाहिजेत. तिसरी, त्या निर्णायक असल्या पाहिजेत. चौथी, दुसरा कुठलाही वाजवी अर्थ शिल्लक राहता कामा नये. आणि पाचवी, साखळी अशी पुरी हवी, की हे काम त्याच माणसानं केलं असणार याखेरीज दुसरं काही म्हणताच येऊ नये.

आता या पाच कसोट्या घेऊन आपण त्या पावसाळ्यातल्या पाड्यावर परत जाऊ.

पुतण्यानं खुनाआधीच्या आठवड्यात बाजारात कोयता घेतला होता. टपरीवर हा मोठा पुरावा. पण जव्हार-मोखाड्यात कोयता नसलेलं घर दाखवा! राबासाठी डहाळ्या तोडायच्या, गवत कापायचं, कुडाला काठ्या तासायच्या, सगळं त्याच्यावर. कोयता घेणं म्हणजे काही ठरवणं नव्हे. दोघं कुजबुजत होते. दोघंही दिवाळीनंतर एकाच वीटभट्टीवर कामाला जाणारे, उचल किती घ्यायची हे का बोलत नसतील? दुसरा खुनानंतर पाड्यावर दिसला नाही. पोलीस आले की आमच्याकडची निरपराध माणसंही रानात जातात, हे इथे राहणाऱ्या कुणालाही विचारा. वाद जमिनीचा होता, हे खरं. पण तो अर्ध्या पाड्याशी होता.

मग उरलं काय? ओढ्याकाठचा कोयता. सगळी साखळी त्या एका कडीवर लोंबत होती.

पोलिसांसमोर दिलेली कबुली आरोपीविरुद्ध वापरता येत नाही. मार खाऊनही माणूस कबूल होतो, हे इंग्रजांच्या काळापासून कायद्याला ठाऊक आहे. पण पुरावा कायद्याच्या कलम २७ मध्ये एक फट ठेवलेली होती. नव्या भारतीय साक्ष अधिनियमातही ती कलम २३ मध्ये आहे. आरोपीच्या सांगण्यावरून एखादी वस्तू सापडली, तर त्या शोधापुरतं त्याचं बोलणं ग्राह्य धरतात. 'कोयता झुडपाखाली ठेवलाय, दाखवतो,' एवढं चालेल. 'त्या कोयत्यानं काकाला मारलं,' हे चालणार नाही. आणि ती वस्तू खरोखर त्यानंच दाखवली, दुसऱ्या कुणी तिथे ठेवली नाही, हे कुणी सांगायचं? परिसरातल्या दोन स्वतंत्र, प्रतिष्ठित माणसांनी. म्हणजे पंचांनी. म्हणजे माझ्यासारख्यांनी.

खटला दोन वर्षांनी ठाण्याला सत्र न्यायालयात उभा राहिला. पालघर जिल्हा २०१४ मध्ये झाला. तेव्हा आमचं सगळं ठाण्याला. पहाटेची एस.टी. धरून गेलो. दुसरा पंच कामाच्या शोधात कुठे तरी निघून गेला होता, सापडला नाही. पिंजऱ्यात उभा राहिलो, शपथ घेतली. सरकारी वकिलांनी विचारलं, 'आरोपीनं तुमच्यासमक्ष कोयता काढून दिला?'

समोर ती दोन पोरं बसली होती. दोन वर्षांत दोघंही वाळले होते. मागच्या बाकावर म्हाताऱ्याची बायको होती. मी म्हणालो, 'कोयता पाहिला. काढताना पाहिला नाही. मी खाली उतरलो नव्हतो.'

सरकारी वकिलांनी मला फितूर जाहीर करायला परवानगी मागितली. मग त्यांनीच माझी उलटतपासणी घेतली. सही तुमचीच ना? वाचून केली ना? बी.ए. आहात ना? मी तिन्हीला हो म्हणालो. आयुष्यात खरं बोलल्याबद्दल फितूर ठरण्याची ती एकच वेळ. खरं तर फितुरी त्या दिवशीची नव्हतीच. ती दोन वर्षांपूर्वी जीपमध्ये बसून केली होती.

पंच फितूर झाला तरी तपास अधिकाऱ्याची साक्ष विश्वासार्ह असेल, तर न्यायालय तिच्यावर विसंबू शकतं. इथे त्यांच्या साक्षीतली जागा आणि नकाशातली जागा जुळली नाही. दोघंही सुटले.

त्यानंतर महिन्याभरानं बाजारात ती म्हातारी भेटली. रागावली नाही. माझ्या सदऱ्याची बाही धरून म्हणाली, 'तू शिकलेला ना रे पोरा? मग खाली का नाही उतरलास?'

मला आजही ठाऊक नाही, की त्या दोघांनी खून केला होता की नाही. केला असेल, तर मारेकरी माझ्यामुळे सुटले. नसेल केला, तर दोन निरपराध पोरांची दोन वर्षं माझ्या सहीनं खाल्ली. यातलं एक खरं आहेच. मी ओढ्यापर्यंत गेलो असतो, तर निदान कोणतं ते कळलं असतं.

अनेकांना वाटतं, की एवढ्या कडक कसोट्या म्हणजे गुन्हेगारांची सोय. तसं नाही. १९७३ साली शिवाजी साहेबराव बोबडे या महाराष्ट्रातल्याच खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी 'असू शकेल' आणि 'असलंच पाहिजे' यांच्यातलं अंतर लांबलचक असतं, असं बजावलं. पण त्याच निकालात त्यांनी हेही सांगितलं, की शंकेच्या फायद्याचं स्तोम माजवू नका, गुन्हेगार सुटणं हासुद्धा अन्यायच आहे. आणि त्या खटल्यातली शिक्षा कायम राहिली. म्हणजे कसोटी कडक आहे, अशक्य नाही. तिला उतरायला पुरावा वेळेवर आणि प्रामाणिकपणे गोळा करावा लागतो, एवढंच.

तो झाला नाही तर काय होतं, हे आपण अलीकडेच पाहिलं. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात सकाळी फिरायला निघाले असताना खून झाला. १० मे २०२४ ला, जवळपास अकरा वर्षांनी, पुण्याच्या विशेष न्यायालयानं गोळ्या झाडणाऱ्या दोघांना जन्मठेप दिली. बाकीच्या तिघांना, त्यांत कटाचा आरोप असलेलेही होते, पुराव्याअभावी सोडलं, आणि सोडताना तपासातल्या उणिवांवर बोट ठेवलं. हात सापडले. त्या हातांमागे कुणी डोकं चालवलं, हे त्या निकालानं सिद्ध झालं नाही. दाभोलकर आयुष्यभर एकच विचारत राहिले, 'पुरावा काय?' त्यांच्याच खटल्यात तो प्रश्न असा परत यावा, याचं मला फार वाईट वाटतं. पण पुराव्याशिवाय कुणालाही दोषी धरा, असं त्यांनीही म्हटलं नसतं.

आता कायदा थोडा बदलला आहे. १ जुलै २०२४ पासूनच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, कलम १०५ प्रमाणे, झडती आणि जप्तीचं चित्रीकरण करायचं आहे, मोबाइलवर केलं तरी चालतं. चांगलं झालं. पण मोबाइलही कुणाला तरी हातात धरून ओढ्याकाठी उतरावंच लागतं, आणि पंचांची गरज संपलेली नाही.

म्हणून हे बोललो. उद्या तुमच्या दारातही कुणी येईल आणि म्हणेल, चला, दोन सह्या करायच्या आहेत. टाळू नका. जा. पण पाऊस असला तरी खाली उतरा. जे पाहिलं तेवढंच लिहिलंय का, ते वाचा. जास्त लिहिलं असेल तर खोडायला सांगा, आणि खोडत नसतील तर सही करू नका. आणि टपरीवर कुणी चहाच्या आत कट सिद्ध करत असेल, तर त्याला एवढंच विचारा, 'तू पाहिलंस का?'

मला ते त्या दिवशी कुणी विचारलं नाही. विचारलं ते दोन वर्षांनी, पिंजऱ्यात.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)